मागील पानावरून पुढे

मुंबईच्या माणसाला रणजी करंडकाचा इतिहास विचारला, तर आपण कोणत्या वर्षी जिंकलो नाही तेवढंच तो सांगतो. ते त्याला सोपं पडतं. मुंबईनं हा करंडक ४२ वेळा जिंकला आहे, आणि त्यातली पंधरा वर्षं तर सलग, १९५८-५९ पासून १९७२-७३ पर्यंत. म्हणजे १९५८ साली दादरला जन्मलेल्या बाळाला ओठावर लव फुटेपर्यंत, हा करंडक दुसऱ्या कुणाला देता येतो याची कल्पनाच नसावी. सूर्य पूर्वेला उगवतो, लोकलला गर्दी असते आणि रणजी मुंबई जिंकते, अशा श्रद्धेत ते बाळ मॅट्रिकपर्यंत आलं असणार.

आम्हा विदर्भातल्या माणसांचं काम याहूनही सोपं होतं. विदर्भाचा संघ रणजीत उतरला १९५७-५८ साली आणि अंतिम सामन्यात पहिल्यांदा पोचला २०१७-१८ साली. मधल्या साठ हंगामांचा इतिहास तीन शब्दांत मावतो: खेळून घरी आले. परीक्षेत हा प्रश्न दहा गुणांना आला असता तर आमची पोरं पैकीच्या पैकी मार्क मिळवून बसली असती.

मी बँकेत कारकून आहे, बी.कॉम. आहे आणि चाळिशी ओलांडलेला आहे. या तिन्ही गोष्टींमुळे माणसाला तोट्याकडे शांतपणे पाहता येतं. म्हणून हा इतिहास लिहायला मी हात घातला. जिंकणाऱ्यांचा इतिहास लिहायला लेखक रांग लावून असतात. हरणाऱ्यांच्या खात्यावर सही करायला आमच्यासारखा एखादाच मिळतो.

मी असतो दवनीवाड्याला. हे गाव कुठं आहे असं विचारून तुम्ही लाजू नका, सगळेच विचारतात. हावडा-मुंबई मार्गावर गोंदिया जंक्शन लागतं. तिथं उतरून सडकेनं पुढं आलं की धानाच्या बांध्या लागतात, मग आणखी बांध्या लागतात, आणि आता गाव येणारच नाही अशी खात्री पटली की दवनीवाडा येतो. १ मे १९९९ पर्यंत तर गोंदिया हा जिल्हाही नव्हता, आम्ही भंडारा जिल्ह्यात मोडत होतो. सांगायचा मुद्दा असा, की मुख्य पानापासून लांब असण्याचा आमचा अनुभव जुना आहे.

बांधी म्हणजे धानाच्या शेताचा तुकडा, चारी बाजूंनी मातीच्या धुऱ्यांनी बांधलेला. धान कापून झालं की बांधी मोकळी होते आणि पोरांचं क्रिकेट सुरू होतं. चेंडू धुऱ्याला लागला तर चौकार, धुऱ्यावरून शेजाऱ्याच्या बांधीत पडला तर षटकार, आणि शेजारी बांधीतच उभा असला तर सामना समाप्त. कापलेल्या धानाच्या धसकटांवर पडलेला चेंडू कुणीकडे वळेल हे टाकणाऱ्यालाही ठाऊक नसतं. त्यामुळे आमच्याकडे प्रत्येक पोरगा फिरकी गोलंदाज आणि प्रत्येक फलंदाज दैववादी.

धानकापणी आणि रणजीचा हंगाम एकाच सुमारास सुरू होतात. माझ्या लहानपणी, म्हणजे १९९०च्या आगेमागे, नागपूरचं वर्तमानपत्र गावात उशिरा पोचायचं. त्यात खेळाच्या पानावर तळाशी, विवाहविषयक जाहिरातींना खेटून, विदर्भाचा धावफलक असायचा. अक्षर इतकं बारीक, की आमच्या पराभवाची लाज छापखान्यालाच वाटत असावी. ते वाचण्यासाठी एक प्राथमिक शाळेतले गुरुजी चष्मा पुसून बसायचे, आणि पारावरचा कुणीतरी विचारायचा,

"हारले का जी?"

या प्रश्नात काळजी नव्हती. "जेवण झालं का जी?" विचारतात तसा तो प्रश्न होता. गुरुजी "हो" म्हणायचे, विचारणारा "बरं" म्हणायचा, आणि बोलणं धानाच्या भावावर यायचं. विदर्भ हरला हे कळल्यावर इतकं समाधानानं "बरं" म्हणणारी माणसं मी दुसरीकडे पाहिली नाहीत.

आता तुम्ही म्हणाल, की हरण्याची एवढी सवय असणाऱ्या मुलखात क्रिकेटचं बीजच नसेल. तर तसं नाही. हिंदुस्थानचे पहिले कसोटी कर्णधार कर्नल सी. के. नायडू हे नागपूरचे, जन्म ३१ ऑक्टोबर १८९५. १९३२ साली लॉर्ड्सवर नाणेफेकीला गेला तो नागपूरचा माणूस. पण तोवर ते नागपूरचे राहिले नव्हते. १९२३ साली होळकर दरबारानं त्यांना इंदूरला नेलं. पुढे होळकर संघानं रणजी करंडक चार वेळा जिंकला. म्हणजे आमच्याकडे बी होतं, पीक इंदूरला निघालं. नायडूंचा शेवटचा प्रथम दर्जाचा सामना मात्र नागपुरात झाला, १९६३-६४ च्या हंगामात, वयाच्या ६८ व्या वर्षी. जवानी इंदूरला आणि म्हातारपण नागपूरला, असा हा हिशेब. आमच्याकडे याला माहेरपण म्हणतात.

मैदानाचंही तसंच. नागपूरच्या सिव्हिल लाइन्सच्या मैदानावर पहिली कसोटी झाली ती १९६९ साली, न्यूझीलंडविरुद्ध. भारत १६७ धावांनी हरला. त्याच मैदानावर १९८७ च्या विश्वचषकात सुनील गावसकरांनी एकदिवसीय क्रिकेटमधलं आपलं एकुलतं एक शतक ठोकलं आणि चेतन शर्मानं विश्वचषकातली पहिली हॅट्ट्रिक घेतली. मैदान आमचं, गवत आमचं, टाळ्या आमच्या. पराक्रम तेवढे बाहेरगावचे.

हरण्यातही वर्ग असतात, हे पुष्कळांना माहीत नसतं. रेल्वेत असतात तसेच. पहिल्या वर्गातलं हरणं राजस्थानचं. १९६०-६१ ते १९७३-७४ या काळात राजस्थाननं रणजीचा अंतिम सामना आठ वेळा खेळला आणि आठही वेळा गमावला. त्यातले सात मुंबईसमोर. हे गादीवर बसून, खिडकीशी रेलून हरणं झालं. लोक हळहळतात, ग्रंथात नोंद होते. राजस्थान आणि आम्ही एकाच मध्य विभागात होतो. तेव्हा ज्या राजस्थानला मुंबई दरवर्षी अंतिम फेरीत हरवी, ते राजस्थान त्याआधी वाटेत आमच्या स्टेशनावरून जाई. आमचं हरणं हे असं पॅसेंजर गाडीतलं, उभ्यानं.

दुसरा प्रकार म्हणजे देश पेटवणारं हरणं. १९७४ च्या जूनमध्ये लॉर्ड्सवर अजित वाडेकरांचा भारतीय संघ दुसऱ्या डावात ४२ धावांत बाद झाला. एकनाथ सोलकरांनी नाबाद १८ केल्या, बाकी सगळ्यांनी हजेरी लावली. ती मालिका ३-० अशी गेली. १९७१ साली ज्या वाडेकरांना डोक्यावर घेतलं त्यांनाच लोकांनी धारेवर धरलं. इंदुरात विजयाची खूण म्हणून उभारलेल्या सिमेंटच्या भल्यामोठ्या बॅटवरही राग निघाला. (मुंबईची ४२ विजेतेपदं आणि लॉर्ड्सच्या ४२ धावा, हा आकड्यांचा योगायोग आम्हा कारकुनांच्या नजरेतून सुटत नाही.) पण मी म्हणतो, वाडेकर भाग्यवान. लोक रागावले, म्हणजे लोकांनी आशा ठेवली होती. विदर्भाच्या खेळाडूच्या दारावर भिरकवायला साठ वर्षांत कुणी एक दगड उचलला नाही. बॅट काळी करायची तर आधी ती उभारायला नको का?

हरण्याचं खरं दुःख हे आहे. पराभव सोसता येतो. पराभवावर कुणी "बरं" म्हणून धानाच्या भावाकडे वळलं की ते सोसायला जास्त बळ लागतं.

अमेरिकेत आमचे एक दूरचे नातेवाईक आहेत. नातं रक्ताचं नाही, तोट्याचं आहे. टेक्सास राज्यात प्रेअरी व्ह्यू नावाचं एक विद्यापीठ आहे. त्याचा अमेरिकन फुटबॉलचा संघ १९८९ पासून १९९८ पर्यंत ओळीनं ८० सामने हरला. अमेरिकन फुटबॉल म्हणजे ज्यात चेंडू पायापेक्षा हातात जास्त असतो आणि चेंडूपेक्षा माणसं जास्त आपटतात, तो खेळ. मुलं कॉलेजात यायची, चार वर्षं हरायची, पदवी घेऊन जायची. नवी मुलं यायची, तीही हरायची. त्या कॉलेजचा बँड मात्र नामांकित. शेवटी १९९८ च्या सप्टेंबरात लँग्स्टन नावाच्या संघाला त्यांनी १४-१२ असं हरवलं आणि खातं एकदाचं बंद केलं. हे वाचल्यावर मला त्या संघाबद्दल जो जिव्हाळा वाटला तो सख्ख्या चुलतभावाबद्दल वाटलेला नाही. आमच्याकडे बँड नव्हता एवढाच फरक.

आता कारणांकडे येऊ. लोक समजतात हरणं स्वभावात असतं. वैदर्भी माणूस आळशी, दुपारी झोपणारा, "होऊन राहिलं ना बाप्पा" म्हणणारा; त्याला जिंकण्याची भूक नाही, असं पुण्या-मुंबईचे पाहुणे आमच्याच घरचा पोटभर पाहुणचार झोडून सांगतात. मी खाती पाहणारा माणूस. मला विचाराल तर हा स्वभावाचा प्रश्न नव्हताच. आवकच कमी होती.

मुंबईच्या पोराला पावसाळ्यात कांगा लीग होती, १९४८ पासून. चिखलात, ओल्या खेळपट्टीवर उभं राहायची सवय तिथंच लागायची. वरती टाइम्स शील्डची ऑफिसं-ऑफिसांतली चुरस होती. चांगला खेळला की बँकेत, कंपनीत नोकरी लागायची. वाडेकर स्टेट बँकेत होते. सकाळी सराव, दुपारी सही, महिन्याला पगार. आमच्या खेळाडूला आधी नोकरी शोधावी लागे, मग रजा शोधावी लागे, आणि उरलेल्या वेळात चेंडू शोधावा लागे. मध्य विभागात राजस्थान, उत्तर प्रदेश, मध्य प्रदेश आणि पुढे रेल्वे, यांच्याशी एकेक सामना झाला की बहुतेक वर्षी हंगाम संपला. वर्षाला तीनचार सामने! एवढ्या भांडवलावर तर पानठेलासुद्धा चालत नाही. पहिल्या सामन्यात माणूस गडबडायचा, दुसऱ्यात सावरायचा, तिसऱ्यात हात बसू लागायचा, तोवर थंडी संपायची.

१९५३ च्या नागपूर करारानं विदर्भाला काही वचनं मिळाली. त्यातलं हिवाळी अधिवेशन नागपुरात भरू लागलं. त्यामुळे डिसेंबरात नागपूरला दोन मोठे कार्यक्रम असायचे, विधिमंडळाचं अधिवेशन आणि रणजीचे सामने. दोन्हींकडे बाहेरगावचे लोक यायचे, संत्री खायचे आणि जिंकून परत जायचे. १९८४ साली दांडेकर समितीचा अहवाल आला आणि 'अनुशेष' हा शब्द आमच्या घराघरांत पोचला. रस्त्यांचा अनुशेष, सिंचनाचा अनुशेष, विजेचा अनुशेष. समितीनं क्रिकेटचा अनुशेष मोजला नाही ते बरंच झालं. आकडा कोणत्या रकान्यात घालायचा, असा पेच पडला असता.

२००२-०३ पासून रणजीचे विभाग मोडून दोन गट झाले, एलिट आणि प्लेट. विदर्भाच्या वाट्याला बहुतेक वर्षं प्लेट आली. गावात एकानं मला विचारलं, "बाकीचे ताटावर जेवतेत आन् आपल्याले प्लेट काहून जी?" मी त्याला ते इंग्रजी नाव असल्याचं समजावून सांगितलं. त्याला ते पटलं नाही. नंतर विचार केल्यावर मलाही पटेना.

पण आता या तक्त्याच्या दुसऱ्या बाजूला पाहिलं पाहिजे. साठ वर्षं संघ हरत होता, हे खरं. साठ वर्षं संघ उतरत होता, हेही तितकंच खरं. एकाही वर्षी कुणी, यंदा परवडत नाही म्हणून नाव मागं घेतलं नाही. नागपूरचे प्रीतम गंधे वर्षानुवर्षं ऑफस्पिन टाकत राहिले. भारतीय संघाची दारं पश्चिम विभागातल्या मुलांना जेवढी जवळ, तेवढी आपल्याला नाहीत, हे माहीत असूनही माणसं दुपारच्या उन्हात क्षेत्ररक्षणाला उभी राहत. प्रशांत वैद्य हे नागपूरचे वेगवान गोलंदाज १९९५-९६ मध्ये भारताकडून चार एकदिवसीय सामने खेळले, पण तेव्हा ते बंगालकडून रणजी खेळत होते. नायडूंसारखंच. आमच्या विहिरीचं पाणी, शेजाऱ्याचं शेत.

मग हळूहळू आवक सुरू झाली. नागपूरबाहेर जामठ्याला नवं स्टेडियम झालं, २००८ च्या नोव्हेंबरात तिथं ऑस्ट्रेलियाविरुद्ध पहिली कसोटी झाली. निवासी अकादमी निघाली, लहान वयोगटांच्या संघांकडे लक्ष गेलं, प्रशांत वैद्यही परत येऊन संघटनेच्या कामाला लागले. आणि २०११ च्या नोव्हेंबरात दिल्लीला उमेश यादव कसोटी खेळला. विदर्भाच्या संघातून थेट कसोटीत गेलेला पहिला खेळाडू! वडील कोळसा खाणीत कामाला, घर खापरखेड्याकडे. पोलिसात शिपाई व्हायचा त्यानं प्रयत्न केला होता, तो जमला नाही. पोलिस खात्याचा तो निर्णय विदर्भावर मोठाच उपकार ठरला. पुढे २०१७ साली त्याला रिझर्व्ह बँकेत नागपूरला साहेबाची नोकरी मिळाली. वेगवान गोलंदाज बँकेत येऊ शकतो. बँकेतून वेगवान गोलंदाजीत जाण्याची सोय मात्र अजून झालेली नाही. मी परिपत्रकं नीट वाचतो.

२०१७-१८ च्या हंगामाला चंद्रकांत पंडित प्रशिक्षक म्हणून आले. मुंबईचे कडक शिस्तीचे यष्टिरक्षक. त्यांच्याही खात्यावर एक जुनी बाकी होती: १९९८-९९ साली ते मध्य प्रदेशचे कर्णधार असताना अंतिम सामना कर्नाटककडे गेला होता. वसीम जाफर हेही मुंबईचेच, त्याआधीच विदर्भात आले होते. आदल्या वर्षी दुखापतीमुळे त्यांना खेळता आलं नाही, तरी संघटनेनं ठरलेले पैसे दिले. म्हणून त्या वर्षी आपण बिनपैशानं खेळलो, असं त्यांनी पुढे सांगितलं. कर्ज फेडण्याची ही रीत मी आमच्या थकबाकीदारांना अधूनमधून ऐकवतो. ते फार आवडीनं ऐकतात आणि जातात. कर्णधार फैज फजल हे २००३ पासून प्रथम दर्जाचं क्रिकेट खेळत होते, म्हणजे हरण्याचा अनुभव भरपूर. त्या हंगामात त्यांनी ९१२ धावा केल्या.

उपांत्य सामना कोलकात्याला, कर्नाटकशी. विदर्भ १८५, कर्नाटक ३०१. त्यात करुण नायरच्या १५३. दुसऱ्या डावात विदर्भ ३१३. कर्नाटकला हव्या होत्या १९८. शेवटच्या सकाळी त्यांचे सात गडी गेले होते आणि ८७ धावा बाकी होत्या. जिंकण्याची सवय असलेल्या माणसाला हे सोपं वाटलं असतं. आमच्या शाखेतल्या खातेदारांना मात्र या धावा कशा निघणार हे स्वच्छ दिसत होतं, आणि त्या तशा निघतही होत्या. एकजण स्लिप भरून काउंटरवर ठेवायचा आणि सांगायचा, "चाळीस राह्यल्या." पुढचा म्हणायचा, "पंचवीस." आमच्याकडे पैसे इतक्या चढत्या भाजणीत कधी मोजले गेले नाहीत. आणि १९२ वर कर्नाटकचा शेवटचा गडी बाद झाला. दोन डावांची बेरीज करा: आमच्या ४९८, त्यांच्या ४९३. पाच धावा! साठ वर्षांत पहिल्यांदा शिल्लक निघाली ती पाच रुपयांची. पण बेरीज बिनचूक होती, मी दोनदा तपासली. रजनीश गुरबाणीनं दुसऱ्या डावात सात आणि सामन्यात मिळून बारा बळी घेतले. मुलगा शिकलेला सिव्हिल इंजिनिअर. पूल पडायच्या बेतात असताना टेकू कुठं द्यायचा हे त्याला शिकवलेलंच असणार.

अंतिम सामना दिल्लीशी, आणि तो झाला कुठं? इंदूरला. होळकर स्टेडियमवर. सी. के. नायडूंना नागपूरहून ज्यांनी नेलं त्यांच्या नावाच्या मैदानावर! गुरबाणीनं हॅट्ट्रिक घेतली, तीही तिन्ही त्रिफळे उडवून. रणजीच्या अंतिम सामन्यातली ती दुसरीच हॅट्ट्रिक. अक्षय वाडकरनं १३३ केल्या, त्याचं पहिलं शतक. अकोल्याचा आदित्य ठाकरे आयुष्यातला पहिलाच रणजी सामना खेळत होता, तो थेट अंतिम. दिल्ली २९५ आणि २८०, विदर्भ ५४७. राहिल्या २९ धावा, त्या एक गडी गमावून झाल्या. विजयी फटका जाफरचा. तारीख १ जानेवारी २०१८, सोमवार, बँक चालू.

दवनीवाड्याला फटाके वाजले नाहीत. फटाके आणायची कुणाला सवयच नव्हती. ते गुरुजी आता निवृत्त होऊन म्हातारे झाले होते, पेन्शनसाठी शाखेत आले होते. मी म्हटलं, "गुरुजी, विदर्भानं रणजी जिंकली." ते थोडा वेळ गप्प राहिले. मग म्हणाले, "पहा बरं नीट, भाऊ. छापण्यात चूक होते." मी फोनवरचा धावफलक दाखवला. त्यांनी चष्मा पुसला. अक्षर फोनवर मोठं करता येतं याची त्यांना गंमत वाटली. मग त्यांनी विदर्भाच्या अकरा खेळाडूंची नावं एकेक करून वाचली आणि विचारलं, "पहिले जे होते, त्यातलं कोणीच नाही का जी याच्यात?"

मी म्हटलं, "नाही गुरुजी. ते कवाचेच निवृत्त झाले."

"बरं," ते म्हणाले. पण या वेळी ते धानाच्या भावाकडे वळले नाहीत.

पुढची नोंद थोडक्यात. २०१८-१९ ला विदर्भ पुन्हा जिंकला, जामठ्याला, सौराष्ट्राला ७८ धावांनी हरवून. आदित्य सरवटेनं अकरा बळी घेतले, आणि पुजाराला दोन्ही डावांत मिळून एक धाव करू दिली. पंडित पुढे मध्य प्रदेशात गेले आणि २०२१-२२ ला मुंबईला हरवून तिथली जुनी बाकीही चुकती करून आले. २०२३-२४ ला विदर्भ वानखेडेवर मुंबईशी अंतिम सामना खेळला. पहिल्या डावात १०५. मग ५३८ चं लक्ष्य, त्यापाठी ३६८ पर्यंत गेले आणि १६९ धावांनी हरले. गावातले तरुण हळहळले, चिडले, वाडकरनं शतक केलं तरी संघनिवडीवर तावातावानं बोलले. मी मात्र मनातून सुखावलो. आम्हाला पहिल्या वर्गाचं तिकीट मिळालं होतं. विदर्भ हरला म्हणून दवनीवाड्यात माणसं चिडत होती!

२०२४-२५ चा अंतिम सामना पुन्हा जामठ्याला. समोर केरळ. केरळ या नावानं तो संघ रणजीत आला १९५७-५८ सालीच, विदर्भाबरोबर. एकाच वर्षी शाळेत नाव घातलेली, एकाच बाकावर नापास होत आलेली दोन पोरं. केरळचा हा पहिलाच अंतिम सामना. उपांत्यपूर्व सामन्यात एका धावेच्या आणि उपांत्य सामन्यात दोन धावांच्या आघाडीवर ते इथवर आले होते. चिल्लर मोजून भाड्याचे पैसे जमवावेत तसे. विदर्भाच्या पहिल्या डावात ३७९. दानिश मालेवारच्या १५३. केरळ ३४२, त्यांचा कर्णधार सचिन बेबी ९८ वर बाद. सामना अनिर्णित राहिला आणि ३७ धावांच्या आघाडीवर करंडक आमचा झाला. दुसऱ्या डावात शतक कुणाचं? करुण नायरचं, १३५. कोलकात्याला आमच्या नावे टाकलेला माणूस आता जमेच्या बाजूला आला होता. हर्ष दुबेनं त्या हंगामात ६९ बळी घेतले, रणजीच्या एका हंगामातला तो विक्रम.

आनंद झाला. पण त्या रात्री मला राहून राहून कोट्टायमच्या किंवा पालक्काडच्या एखाद्या कारकुनाची आठवण येत होती. मी त्याला ओळखत नाही. पण तो असणार. चाळिशीतला, वाणिज्य शाखेचा, पारावर नाही तरी कुठल्यातरी चहाच्या टपरीवर बसणारा. त्याला कुणीतरी मल्याळममध्ये "हारले का जी?" विचारलं असणार आणि तो "हो" म्हणाला असणार. त्याला पत्र टाकावं असं फार वाटलं. लिहायचं एवढंच होतं, की बाबा रे, हे वर्ष खर्ची पडलं असं समजू नकोस.

कारण खतावणीचा नियम असा आहे. आता संगणक आले, पण जुन्या जाडजूड खतावण्या ज्यांनी पाहिल्या आहेत त्यांना आठवेल. पान भरलं की तळाशी बेरीज मारायची आणि नव्या पानावर पहिली ओळ लिहायची: मागील पानावरून पुढे. ती ओळ गाळून पुढची एकही बेरीज जुळत नाही. मागच्या पानावर नुसता तोटा असला तरी तो आकडा उतरवावाच लागतो. साठ वर्षं ज्यांनी पांढरे कपडे घालून, रजा टाकून, तिसऱ्या वर्गानं प्रवास करून हरण्यासाठी मैदान गाठलं, त्यांनी ही ओळ दरवर्षी लिहिली. त्यांनी एका वर्षी लेखणी खाली ठेवली असती तर इंदूरला त्या सोमवारी खातंच उघडं सापडलं नसतं.

गुरुजींच्या प्रश्नाचं उत्तर मला शाखेत सुचलं नाही. पुढच्या महिन्यात पेन्शनला आले तेव्हा दिलं. म्हटलं, "गुरुजी, पहिले जे होते ना, ते सगळे आहेत त्याच्यात. फक्त अक्षर बारीक आहे."

गुरुजींनी चष्मा पुसला आणि पासबुक पुढे केलं.